पाठीचं काम

आये,

काल पाच-सहा माणसांसमोर मी तुझं नाव मोठ्यानं घेतलं. आधी तुझं, मग तुझ्या बापाचं, मग गावाचं. माझा आवाज मला ऐकू येत नाही, पण समोरच्यांच्या चेहऱ्यांवरून कळलं की तो त्यांच्यापर्यंत पोचला. तू जाऊन पंचेचाळीस वर्षं होत आली. इतक्या वर्षांत मी तुला कधी चार ओळी लिहिल्या नाहीत आणि आज वही घेऊन बसले, म्हणजे या पोरीनं काहीतरी करून ठेवलंय, हे तू ओळखलंच असशील. लहानपणी घरात काही फोडलं की मी न सांगता तुझे पाय चेपायला बसायची, आणि तू विचारायचीस, "काय फोडलंस गं?" तसंच समज.

मी मोहोपाड्याला असते, लेकाकडे, कॉलनीत दुसऱ्या मजल्यावर. दुपारची जेवणं झाली की सून आडवी होते, नात मोबाईलमध्ये शिरते आणि मी खिडकीपाशी खुर्ची ओढून बसते. त्या वेळी मी जागी असते की झोपलेली, ते माझं मलाच सांगता येत नाही. पंख्याचा वारा पायांवर येतो, आणि बघता बघता पायांखाली भिवपुरीच्या खोलीतली फरशी येते. ती फरशी कायम थरथरत असायची. डोंगरावरून पाण्याचे मोठाले नळ पावरहाऊसमध्ये उतरायचे, तिथं बाबा यंत्रांना तेल घालायचे, आणि त्या पाण्याची थरथर क्वार्टर्सच्या भिंतींतून आपल्या घरापर्यंत यायची. मी गुडघे उभे करून, तळवे फरशीला टेकवून बसले आहे. तू चुलीपुढं आहेस. तुझे ओठ हलतात आणि मी ते बघते आहे. आवाज नाही. सात वर्षांची होईपर्यंतचे थोडे आवाज माझ्यापाशी शिल्लक आहेत, तुझ्या बांगड्या, बाबांचा खोकला, पण तेही आता धुवून धुवून विटलेल्या लुगड्यासारखे झालेत.

आपल्या लोकांनी दीक्षा घेतली, त्याच वर्षीच्या थंडीत मला ताप आला. ताप उतरला तेव्हा कान त्याच्याबरोबर गेले होते. तू पावरहाऊसच्या दवाखान्यात आया होतीस. तिथले डॉक्टर म्हणाले, हिला मुंबईला बहिऱ्या मुलांच्या शाळेत ठेवा. त्यावर तू म्हणालीस, "कशाला? मी हाय ना." हे मला पुढं कधीतरी बाबांनी सांगितलं. दुसऱ्या दिवसापासून आपली शाळा घराच्या उंबऱ्यात सुरू झाली. तू उजेड तोंडावर घेऊन बसायचीस. उजेड कुठून येतो आणि कुठं पडतो, हे तुला कुणी शिकवायला नको होतं; आयुष्यात कधी तू खिडकीकडं पाठ करून माझ्याशी बोलली नाहीस. काही अक्षरं ओठांवर सारखीच दिसतात, त्यांच्यासाठी तू डोळे, भुवया, मान, सगळं कामाला लावायचीस. राग असेल तर राग तोंडावर आणायचीस, मनात पाच मोजायचीस आणि मगच सोडायचीस, म्हणजे मला तो नीट वाचता यावा. माझा हात उचलून स्वतःच्या गळ्यावर ठेवायचीस, मग माझ्या गळ्यावर, आणि दोन्हीकडं सारखी थरथर येईपर्यंत मला बोलायला लावायचीस. "बोलायचं सोडू नको," म्हणायचीस. "आवाज वापरला नाय तर गंजतो."

हे पाच मोजणं तू कुठं शिकलीस, ते मला फार उशिरा समजलं. तुझी गोष्ट तू मला त्याच उंबऱ्यात सांगितलीस, एकदा नाही, शंभरदा, भाकऱ्या थापता थापता. तू पंधरा वर्षांची आहेस. मुंबईची एक सिनेमाची कंपनी खालापूरच्या बाजूला घाटाखाली उतरली आहे. त्या वेळी सिनेमाला बोलता येत नव्हतं. तुझा बाप कडावहून बैलगाडी घेऊन त्यांचं सामान वाहायला गेलाय आणि त्याला भाकरी करून घालायला तू बरोबर आहेस. पाताळगंगेच्या डोहात नायिकेनं उडी मारायची आहे, आणि नायिका काही केल्या मारत नाही. दिग्दर्शक वैतागून इकडं तिकडं बघतो, त्याला काठावर भांडी घासणारी तू दिसतेस. तिच्याच अंगाची, तिच्याच उंचीची. "उडी मारशील का?" तो विचारतो. तू म्हणतेस, "मारीन की. पन लुगडं भिजंल, दुसरं द्या."

आणि दुसरं लुगडं मिळालं, नायिकेच्या अंगावरचं, अजून गरम असलेलं. तिथून पुढं चार वर्षं आणि अकरा सिनेमे. मुंबईत मावशीच्या खोलीत राहून तू घोड्यावरून पडलीस, जिन्यावरून गडगडलीस, धुरातून पळालीस, दोनदा नदी ओलांडलीस. तोंड नायिकेचं आणि पाठ तुझी. तोंडाला पिवळी पावडर तीही लावायची आणि तूही लावायचीस, तुझी कुणाला दिसायची नाही तरी. तुझं नाव कुणी विचारलं नाही. "ए दुसरी, चल," असं म्हणायचे. पाणी प्यायचा पेलाही तुझा वेगळा होता, हे तू हसत सांगायचीस, मला मात्र ते तुझ्या ओठांवर वाचताना हसावं की काय करावं कळायचं नाही. "माजी पाठ सगळ्या मुंबईनं बगितली," तू म्हणायचीस, "तोंड बगायला फकस्त तुजा बाप मिळाला." बाबा तेव्हा कोपऱ्यात बसून बिडी ओढत असायचे आणि भिंतीकडं बघून हसायचे.

एकदाच तुझं तोंड घेतलं होतं. त्या दिवशी नायिका रुसून मुंबईला निघून गेली होती आणि उजेड फार चांगला होता, असं तू सांगायचीस, जसं एखादीनं सांगावं की त्या दिवशी मासे ताजे होते. नवरा होडीत बसून निघाला आहे आणि बायको काठावर उभी आहे, एवढाच प्रसंग उरला होता. दिग्दर्शकानं तुला नदीकडून चालत यायला लावलं. "पदर भुवयांपर्यंत ओढ, खालचं तोंड तेवढं दिसेल, चालून जाईल," तो म्हणाला. तू विचारलंस, काय बोलू? "नाथ, मला टाकून जाऊ नका, असं म्हण. नाहीतर काहीही म्हण, कुणाला ऐकू येणार आहे?" हे सांगताना तू पदर भुवयांपर्यंत ओढायचीस, आणि चुलीच्या उजेडात तुझ्या डोळ्यांतून खरंच पाणी यायचं. मी विचारायची, मग काय म्हणालीस? "त्यांनी सांगितलं त्येच," म्हणून तू करपलेली भाकरी उलटायचीस.

मग सिनेमाला वाचा फुटली. नायिकेची बोली लोकांना चालेना, ती गेली, तिच्या मागोमाग कंपनी बसली. "तोंडच गेलं, मग पाठीला कोन इचारतंय?" तू परत आलीस, लग्न झालं, पावरहाऊसला आलीस. कंपनीच्या रिळांचं काय झालं, ते तुला कुणीतरी सांगितलं होतं. त्यांच्यावरची चांदी काढून घेतली आणि उरलेलं कचकडं बांगड्यावाल्यांनी नेलं. म्हणून कर्जतच्या बाजारात गेलं की तू कासाराच्या टोपलीतली कचकड्याची बांगडी उचलायचीस आणि उन्हाकडं धरून बघायचीस. कासार म्हणायचा, "बाई, घ्यायची का नाय?" तू म्हणायचीस, "बगते मी हाय का त्यात." मी तुझ्या शेजारी उभी आहे, माझ्याही डोळ्यांवर लाल उजेड पडलाय, आणि मीही बघते आहे.

त्याच बाजारातलं पुढचं मला लिहायचं नव्हतं, पण ते लिहिल्याशिवाय कालचं कळणार नाही. मी सोळा वर्षांची होते. मी कापडाच्या दुकानात उभी होते, पोलक्याचं कापड हातात घेऊन, आणि तू रस्त्याच्या पलीकडे. तिथून तू मला सांगत होतीस की हिरवं घेऊ नको, हिरव्यात तू काविळीची दिसतीस. सगळ्या तोंडानं सांगत होतीस. गाल आत ओढून, डोळे आजाऱ्यासारखे मिटून, हात पोटावर धरून. मला एक एक शब्द पोचला. शिंप्याच्या दुकानापुढं चार पोरं उभी होती, तीही बघत होती. त्यांच्यातल्या एकानं तुझ्यासारखे गाल आत ओढले, मग दुसऱ्यानं. हसणं मला ऐकू येत नाही, पण हसणाऱ्यांचे खांदे मला लांबून दिसतात. मी कापड तिथंच टाकलं आणि तुझ्याकडं न बघता स्टेशनाकडं चालू लागले. घरी आल्यावर मी म्हणाले, "आये, भायेर तोंड कमी हलवत जा. लोकं हसत्यात. नाचनारीन वाटतीस तू."

तुझ्या तोंडावर जे आलं ते तू नेहमीसारखं धरून ठेवलंस. मग सोडलंस. "बरं," म्हणालीस.

त्या दिवसापासून घराबाहेर पडलं की तू पदराचं टोक दातात धरायला लागलीस. बाकीच्या बायांना ती मर्यादा वाटली असेल. माझ्यासाठी तू गप्प झालीस. घरात बोलायचीस, पण तिथंही तोंड हळूहळू लहान होत गेलं, जसा कंदील कमी करतात, आणि मी अर्धं वाचायची, अर्धं अंदाजानं घ्यायची. मीसुद्धा तेव्हापासून परक्या माणसांत बोलणं सोडलं. तुझ्या तोंडाला हसले, तर माझ्या आवाजाला किती हसतील, असा विचार केला. पुढं मोहोपाड्याला कारखान्यात पॅकिंगला लागले. तिथं यंत्रांच्या घरघरीत सगळेच बहिरे, मी एकटी शहाणी; दहा हातांवरची बाई काय म्हणते ते मला आधी कळायचं. पण उत्तर मी हातानं द्यायची, नाहीतर चिठ्ठीवर. शेवटी तुला कर्जतला दवाखान्यात ठेवलं तेव्हा वॉर्डात दहा खाटा होत्या. तू मला काहीतरी सांगत होतीस. पदर तोंडावर होता आणि त्याच्याखाली ओठ हलताना दिसत होते. एवढ्या माणसांत तो बाजूला करायला माझा हात झाला नाही. तू काय म्हणालीस ते मला आजही माहीत नाही, आये, आणि याचं मला जे दुःख आहे ते कुणाला सांगून कळण्यासारखं नाही.

आता गेल्या महिन्याचं. नातीनं कुठंतरी इंटरनेटवर लिहिलं की माझी पणजी मुक्या सिनेमात नायिकेच्या जागी उड्या मारायची, खालापूरकडं. ते वाचून एक मुलगी आली. जुने सिनेमे शोधून जपायचं तिचं काम आहे. कुणाच्या तरी माळ्यावर एक डबा सापडला, त्यात चार मिनिटांचं रीळ वाचलेलं. तिनं टेबलावर लॅपटॉप ठेवला. कॉलनीत कुणाकडे पाहुणी आली की शेजारणींना दार अडवत नाही. तिघी-चौघी येऊन उभ्या राहिल्या. पडद्यावर नदी होती. एक बाई पाठमोरी पाण्यात उतरली, थोडी पुढं गेली, मग वळून काठाकडं चालत आली, आणि तिचं तोंड समोर आलं. वीस-बावीस सेकंद असेल. पदर भुवयांपर्यंत, खाली ते तोंड, आणि ते केवढं हलत होतं. शेजारीण दुसरीला म्हणाली, "कशी तोंडं करतीय बया," आणि दोघींचे खांदे हलले. मुलीनं मला हळू, नीट ओठ हलवून विचारलं, "या तुमच्या आई का?" त्यांच्या नोंदीच्या कागदावर इथं नायिकेचं नाव लिहिलेलं आहे, दुसरं कुणी असेल तर आताच कळायला हवं, नाहीतर तेच कायम होईल, असं ती म्हणाली. मी मान हलवली. ही माझी आई नव्हे, असं नातीच्या वहीत लिहून दाखवलं. पडद्यावर ऊन येत होतं, चष्म्याचा नंबर वाढलाय. मुलगी चहा पिऊन गेली. जाताना नातीच्या मोबाईलवर ते चित्र ठेवून गेली.

दुसऱ्या दिवशी दुपारी सून झोपल्यावर मी नातीला म्हणाले, ते परत लाव. तिनं लावलं. फार भरभर पळत होतं, तेव्हा तिनं कसलं तरी बटण दाबून ते सावकाश केलं. आणि आये, तू माझ्या तळहातात आलीस. पंधरा-सोळा वर्षांची, माझ्या नातीहून लहान, उजेड तोंडावर घेतलेली. दातात पदर नाही. सगळं तोंड उघडं. मी पहिल्यांदा वाचलं ते मला खरं वाटेना. तू "नाथ" म्हणत नव्हतीस. नातीला म्हटलं, पुन्हा. किती वेळा पुन्हा म्हटलं ते तिनं मोजलं नसेल. होडी निघाली आहे, तुझ्या गालांवर पाणी आहे, आणि तू स्वतःचं नाव सांगते आहेस. नाव. मग बापाचं नाव. मग, "गाव कडाव." मग तू थांबतेस, उंबऱ्यात मोजायचीस तसं मनात पाच मोजतेस, मला ते दिसतं, आणि म्हणतेस, "मी दुसरी नाय."

थिएटरात बसलेल्या सगळ्या लोकांनी ते बघितलं असेल. दिग्दर्शकानं बघितलं, कॅमेऱ्याचा दांडा फिरवणाऱ्यानं बघितलं. तू त्यांच्या डोळ्यांदेखत सांगितलंस आणि एकालाही कळलं नाही. बाबांना तरी सांगितलं होतंस का गं? मी पदर डोळ्यांना लावून बसले. नात घाबरली, तिला वाटलं मला काही होतंय. तिनं पाणी आणलं. मी तिला वाचलेलं सांगितलं, तोंडानं सांगितलं, आणि मग तीही रडली.

तिनं त्या मुलीला कळवलं. मुलगी हुशार आहे, लगेच हुरळून गेली नाही. तिनं बहिऱ्या मुलांच्या शाळेतल्या एका मास्तरांना ते चित्र दाखवलं, आमच्यातलं काहीही न सांगता. त्यांनी गाव वाचलं, तुझं नाव वाचलं, आजोबांच्या नावाला अडखळले. मग ती काल परत आली. म्हणाली, तुम्ही हे सगळं कॅमेऱ्यासमोर सांगाल का? लिहून चालेल, पण तुमच्या तोंडून आलं तर ते चित्राबरोबर कायम राहील. शेजारणी आल्याच होत्या. सूनही ओट्याजवळून येऊन उभी राहिली. साठ वर्षं परक्या माणसांसमोर न वापरलेला आवाज, गंजला नसेल तर नवलच. मी खुर्ची उचलली आणि खिडकीकडं तोंड करून बसले, उजेड माझ्यावर पडेल अशी. एक हात गळ्यावर ठेवला. आणि सांगितलं. कुणाचे खांदे हलले नाहीत. शेजारीण तोंडावर हात ठेवून उभी होती. मुलीनं त्यांच्या नोंदीत तुझं नाव लिहिलं, आधी नायिकेचं होतं ते खोडून, आणि अक्षरं बरोबर आहेत का ते मला दाखवलं. मी एक वेलांटी दुरुस्त केली.

आता ही वही मी कपाटात साड्यांच्या खाली ठेवणार आहे, कारण पुढचं नातीनं वाचायला नको. तिला आणि त्या मुलीला वाटतं की पहिल्या दिवशी म्हातारीनं तुला ओळखलं नाही. मीही तसंच सांगितलं, ऊन, चष्मा, सगळं. आये, तू पाण्यात उतरताना लुगडं दोन्ही हातांनी सावरलंस, तेव्हाच, तुझं तोंड दिसायच्याही आधी, मी तुला ओळखलं होतं. मग तू वळलीस, शेजारीण हसली, आणि मी लिहून दिलं की ही माझी आई नव्हे.